मिशिगन कोणाचं? राज्यातले राजकीय पक्ष आणि त्यांचं बळ: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

डेट्रॉइटच्या उपनगरात राहायला आल्यापासून दर निवडणुकीला गावाकडून फोन येतो, "काय, तुमचं मिशिगन या वेळी कोणाचं?" दहा वर्षांत मी या प्रश्नाला निरनिराळी उत्तरं दिली. प्रत्येक उत्तर त्या त्या वेळी खरं होतं. पुढचे प्रश्नही ठरलेलेच असतात, म्हणून म्हटलं एकदा बसून लिहूनच ठेवावं. आकडे मुख्यतः नोव्हेंबर २०२४ च्या निवडणुकीपर्यंतचे आहेत.

एका वाक्यात सांगा ना, रिपब्लिकन की डेमोक्रॅट?

तुम्ही कोणत्या पदाबद्दल विचारताय त्यावर आहे. २०२४ मध्ये राष्ट्राध्यक्षपदासाठी मिशिगनने डोनाल्ड ट्रम्प यांना ८०,१०३ मतांनी पुढे ठेवलं. त्याच दिवशी, त्याच मतपत्रिकेवर, अमेरिकी सिनेटसाठी डेमोक्रॅट एलिसा स्लॉटकिन यांना सुमारे १९ हजार मतांनी निवडून दिलं. साडेपंचावन्न लाखांहून अधिक मतं पडली होती. म्हणजे हजारो लोकांनी एका रकान्यात एक पक्ष आणि खालच्या रकान्यात दुसरा पक्ष निवडला, किंवा वरचं एक नाव निवडून खालचं कोरं सोडलं.

गव्हर्नर ग्रेचेन व्हिटमर डेमोक्रॅट आहेत. त्या २०१८ मध्ये आणि पुन्हा २०२२ मध्ये आरामात जिंकल्या, दुसऱ्या वेळी तर दहा टक्क्यांहून जास्त फरकाने. गव्हर्नर म्हणजे आपल्याकडच्या राज्यपालासारखं शोभेचं पद नव्हे. इथे खरा कारभारी तोच किंवा तीच. राज्याच्या कनिष्ठ सभागृहात २०२४ ला रिपब्लिकनांनी ५८ विरुद्ध ५२ असं बहुमत मिळवलं. वरिष्ठ सभागृहाची निवडणूक त्या वर्षी नव्हतीच, त्यामुळे ते २०२२ च्या निकालानुसार डेमोक्रॅटांकडे राहिलं. वॉशिंग्टनला जाणारे १३ प्रतिनिधी २०२२ ला सात डेमोक्रॅट, सहा रिपब्लिकन होते. २०२४ ला ते नेमके उलटे झाले.

आता यातून एक वाक्य तुम्हीच काढा.

दोन्ही पक्षांचे नोंदणीकृत मतदार किती आहेत?

हा आकडाच अस्तित्वात नाही. पेनसिल्व्हेनियात किंवा फ्लोरिडात मतदार नोंदणी करताना पक्ष लिहितात, त्यामुळे तिथल्या बातम्यांत "अमुक पक्षाची नोंदणी इतक्या हजारांनी वाढली" असं वाचायला मिळतं. मिशिगनच्या मतदार यादीत पक्षाचा रकाना नाही. कोणी कितीही छातीठोकपणे "इथे चाळीस टक्के नोंदणीकृत डेमोक्रॅट आहेत" असं म्हणालं, तर त्याला थांबवा. तो एखाद्या जनमत चाचणीतलं "तुम्ही स्वतःला काय म्हणवता" याचं उत्तर सांगत असतो.

पक्षाला वर्गणी देणारे सभासद असतात, आणि ऑगस्टच्या निवडणुकीत मतदान केंद्रागणिक निवडून येणारे पक्षप्रतिनिधीही असतात. बहुतेक मतदारांना ते कोण हे ठाऊक नसतं. आमच्या गल्लीत ते पद एकदा रिकामंच राहिलं होतं.

मग पक्षाचं बळ मोजायचं कसं?

निकालांवरून, आणि तेही पद व वर्ष पाहून. राष्ट्राध्यक्षाच्या वर्षी जे मतदार बाहेर पडतात ते सगळे मधल्या वर्षीच्या गव्हर्नर निवडणुकीला येत नाहीत. अलीकडे असं दिसतं की ट्रम्प यांचं नाव मतपत्रिकेवर असलं की रिपब्लिकनांना एरवी घरी बसणारा मतदार मिळतो, आणि ते नसलं की २०१८ आणि २०२२ सारखे निकाल लागतात. २०२२ ला गर्भपाताच्या हक्काचा प्रस्तावही मतपत्रिकेवर होता आणि तो सुमारे ५७ टक्क्यांनी मंजूर झाला. त्यासाठी आलेल्या मतदारांचा फायदा डेमोक्रॅटांना झाला हे बहुतेक जण मान्य करतात.

तिकीट कोण देतं? इथेही एबी फॉर्म असतो का?

नाही, आणि आपल्या माणसाला इथलं राजकारण समजायला हाच सगळ्यात मोठा अडथळा आहे. आपल्याकडे अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी प्रदेशाध्यक्षाच्या सहीचा एबी फॉर्म कोणाच्या हाती पडतो यावर सगळं ठरतं. मिशिगनमध्ये ऑगस्टात प्राथमिक निवडणूक होते आणि उमेदवार मतदार ठरवतात. मतपत्रिकेवर दोन्ही पक्षांचे स्तंभ असतात. मतदानाच्या आडोशाला गेल्यावर तुम्ही कोणता स्तंभ भरला हे कोणालाच कळत नाही. अट एकच, दोन्हीत हात घालायचा नाही, नाहीतर तो भाग बाद. राष्ट्राध्यक्षपदाची प्राथमिक निवडणूक तेवढी वेगळी. तिथे मतपत्रिका कोणत्या पक्षाची हवी हे मागून घ्यावं लागतं आणि त्याची नोंद राहते.

यामुळे पक्षाच्या नेत्यांना नको असलेला माणूसही पक्षाचा उमेदवार होऊ शकतो, आणि हवासा असलेला पडू शकतो. ग्रँड रॅपिड्सचं उदाहरण घ्या. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या जेराल्ड फोर्ड यांनी पाव शतक प्रतिनिधित्व केलेला हा भाग. २०२० मध्ये तिथून पीटर मायर निवडून आले. मिशिगनमधले आपले लोक ज्या मायर दुकानातून दूध, कोथिंबीर आणि मुलांचे बूट एकाच फेरीत आणतात, त्याच घराण्यातले. शपथ घेऊन जेमतेम दहा दिवस झाले होते तोच त्यांनी ट्रम्प यांच्यावरील महाभियोगाच्या बाजूने मत दिलं. २०२२ च्या प्राथमिक निवडणुकीत पक्षाच्याच मतदारांनी त्यांना पाडून जॉन गिब्ज यांना उभं केलं. त्या वेळी डेमोक्रॅटांच्या राष्ट्रीय प्रचार समितीने गिब्ज यांना फायदा होईल अशा जाहिरातींवर पैसे खर्च केले, कारण समोर कडवा उमेदवार असला की आपलं सोपं. डाव साधला, डेमोक्रॅट हिलरी स्कोल्टन निवडून आल्या. लोकशाहीची काळजी वाहणाऱ्या पक्षाने हे करावं का, हा वाद तेव्हा त्यांच्याच घरात झाला. मला विचाराल तर ते शोभलं नाही.

सगळ्याच पदांचे उमेदवार असे ठरतात?

नाही. लेफ्टनंट गव्हर्नर, अॅटर्नी जनरल, सेक्रेटरी ऑफ स्टेट, राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश आणि तीन मोठ्या विद्यापीठांच्या नियामक मंडळांचे उमेदवार पक्षाच्या अधिवेशनात ठरतात. तिथे कट्टर कार्यकर्त्यांचा आवाज मोठा असतो. २०२२ ला रिपब्लिकन अधिवेशनाने यांतल्या दोन मोठ्या पदांसाठी २०२० चा निकाल अमान्य करणारे उमेदवार निवडले. नोव्हेंबरात दोघेही पडले.

कोणता भाग कोणाचा? नकाशा समोर नाही.

नकाशा लागतच नाही. मिशिगनचा माणूस करतो तेच करा. उजवा तळहात स्वतःच्या चेहऱ्यासमोर धरा, बोटं वर, अंगठा उजवीकडे. हा झाला राज्याचा खालचा द्वीपकल्प. कुठे राहता असं विचारलं तर इथली माणसं खरोखरच तळहातावर बोट ठेवून दाखवतात.

अंगठ्याच्या बुडाशी, मनगटाजवळ उजवीकडे, वेन काउंटी आणि तिच्यात डेट्रॉइट. डेमोक्रॅटांचा सगळ्यात जुना बालेकिल्ला. शहरात दहातली सुमारे नऊ मतं त्यांना पडतात. पण १९५० मध्ये साडेअठरा लाखांचं असलेलं हे शहर २०२० च्या जनगणनेत साडेसहा लाखांच्याही आत आलं, त्यामुळे ती नऊ मतं पूर्वीइतकी जड राहिली नाहीत. वेनच्या वर दोन काउंटी शेजारीशेजारी आहेत, डावीकडे ओकलंड, उजवीकडे मॅकम, आणि त्या गेल्या चाळीस वर्षांत एकमेकींच्या उलट दिशेने चालत गेल्या. ट्रॉय, नोवाय, फार्मिंग्टन हिल्स ही भारतीयांची वस्ती असलेली गावं ओकलंडमध्ये. पूर्वी तो श्रीमंत, पक्का रिपब्लिकन भाग होता. आज तिथे डेमोक्रॅट जिंकतात. मॅकमबद्दल खाली स्वतंत्र प्रश्न आहे.

मनगटाच्या वर, जरा आत, अॅन आर्बर (वॉश्टेनॉ काउंटी), विद्यापीठाचं गाव आणि डेमोक्रॅटांचा सगळ्यात भरवशाचा गड. तळव्याच्या मध्यावर राजधानी लॅन्सिंग. करंगळीच्या खाली, लेक मिशिगनच्या बाजूला, ग्रँड रॅपिड्स आणि हॉलंड. डच धर्मसुधारक चर्चचे वंशज इथे स्थायिक झाले. शिस्त, चर्च आणि धंदा. ऑटावा काउंटी आजही रिपब्लिकन आहे, पण शेजारच्या केंट काउंटीत २०२० ला बायडन आणि २०२४ ला, राज्य हरूनसुद्धा, कमला हॅरिस पुढे होत्या. सुशिक्षित उपनगरं डेमोक्रॅटांकडे आणि कारखान्यांची गावं रिपब्लिकनांकडे, ही अदलाबदल बघायची असेल तर केंट आणि सॅगिनॉ शेजारी ठेवून बघा.

सॅगिनॉ अंगठा आणि तर्जनीच्या बेचक्यात आहे. तिथे २०१६ ला ट्रम्प, २०२० ला बायडन (अवघ्या ३०३ मतांनी) आणि २०२४ ला पुन्हा ट्रम्प.

बोटांची पेरं म्हणजे जंगल, तळी, शेती आणि सुट्टीची घरं. तो जवळजवळ सगळा रिपब्लिकन.

आणि वरचा द्वीपकल्प? त्याला यूपी म्हणतात ना?

हो, आणि आपल्या माणसाचा पहिल्यांदा घोटाळा होतोच. तिथल्या लोकांना यूपर म्हणतात. दोन्ही द्वीपकल्पांना जोडणाऱ्या पुलाच्या दक्षिणेकडच्या आम्हा लोकांना ते ट्रोल म्हणतात, पुलाखाली राहणारे राक्षस. राज्याची जवळजवळ तीस टक्के जमीन तिथे आहे, माणसं तीन टक्के. तांब्याच्या आणि लोखंडाच्या खाणी, फिनलंडहून आलेले मजूर, कडक संघटना, त्यामुळे एकेकाळी डेमोक्रॅट तिथे सहज निवडून यायचे. खाणी गेल्या, संघटना गेल्या, मतं गेली. विद्यापीठ असलेली मार्केट काउंटी तेवढी अजून टिकून आहे.

नकाशावर तर सगळं लाल दिसतं. मग डेमोक्रॅट जिंकतात कसे?

लाल म्हणजे रिपब्लिकन, निळा म्हणजे डेमोक्रॅट. ८३ काउंटी आहेत. २०२० ला बायडन यांनी त्यांतल्या फक्त ११ जिंकल्या आणि राज्य १,५४,१८८ मतांनी घेतलं. २०२४ ला हॅरिस यांनी नऊ जिंकल्या आणि राज्य गमावलं. दोन काउंटींचा हा फरक निकालाचं कारण नाही. खरी गळती झाली ती जिंकलेल्या काउंटींत, विशेषतः वेनमध्ये, मताधिक्य घटल्यामुळे. एकर मतदान करत नाहीत हे खरं, पण गड जिंकूनही लढाई हरता येते हेही तितकंच खरं.

हे राज्य आधीपासूनच असं अटीतटीचं होतं का?

मुळीच नाही. रिपब्लिकन पक्षाचा जन्म झाला त्या जागांपैकी एक इथे आहे. ६ जुलै १८५४ ला जॅक्सन गावात गुलामगिरीच्या विस्ताराविरुद्ध सभा भरली. माणसं सभागृहात मावेनात, म्हणून सगळे ओकच्या झाडांखाली जाऊन बसले आणि तिथे उमेदवारांची यादी ठरली. विस्कॉन्सिनचे लोक जन्मस्थान रिपन असल्याचं सांगतात, तिथली बैठक मार्चमधली. हा वाद मिटणार नाही आणि मिटायची गरजही नाही. १८५६ ते १९२८ पर्यंतच्या सगळ्या राष्ट्राध्यक्ष निवडणुका इथे रिपब्लिकनांनी जिंकल्या. अपवाद १९१२ चा, आणि तेव्हाही जिंकले ते पक्षातून फुटलेले थिओडोर रूझवेल्टच.

मंदीने हे मोडलं, आणि मोटारीने. डिसेंबर १९३६ च्या अखेरीस फ्लिंटमध्ये जनरल मोटर्सच्या कामगारांनी कारखान्यातच ठिय्या दिला, ४४ दिवस. डेमोक्रॅट गव्हर्नर फ्रँक मर्फी यांनी नॅशनल गार्ड बोलावलं, पण कामगारांना हुसकावायला वापरलं नाही. कंपनीने संघटनेला मान्यता दिली. मर्फी १९३८ ला पडले, पण मोटार कामगारांची संघटना, युनायटेड ऑटो वर्कर्स, पक्षाचा कणा होऊन बसली. तिच्या जोरावर जी. मेनन विल्यम्स १९४८ पासून सलग सहा वेळा गव्हर्नर झाले (तेव्हा मुदत दोन वर्षांची होती). आजोळ दाढीच्या साबणाच्या कारखानदारांचं, म्हणून टोपणनाव पडलं "सोपी". मराठीत वाचलं की वाटतं निवडणूकच सोपी होती. ती नव्हती, पहिल्या वेळी त्यांना पक्षातल्या जुन्या धेंडांशी आधी लढावं लागलं.

रिपब्लिकनांनी उत्तर दिलं ते मवाळ नेत्यांच्या रूपाने. जॉर्ज रॉम्नी मोटार कंपनी चालवून राजकारणात आले. १९६४ मध्ये पक्षाचे राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार बॅरी गोल्डवॉटर यांना त्यांनी पाठिंबा दिला नाही. त्या वर्षी डेमोक्रॅट जॉन्सन यांनी इथे धुव्वा उडवला आणि त्याच लाटेत रॉम्नी पुन्हा निवडून आले. त्यांच्यामागून आलेले विल्यम मिलिकन १९६९ ते १९८३ एवढा प्रदीर्घ काळ गव्हर्नर राहिले. म्हातारपणी त्यांनी २०१६ मध्ये हिलरी क्लिंटन यांना पाठिंबा दिला, यावरून ते कोणत्या जातकुळीचे रिपब्लिकन होते ते कळावं. ती जातकुळी आता जवळपास संपली.

१९७२ ते १९८८ राष्ट्राध्यक्षपदासाठी मिशिगन रिपब्लिकन, १९९२ ते २०१२ डेमोक्रॅट. मग २०१६ ला ट्रम्प यांनी १०,७०४ मतांनी ती भिंत पाडली. तेव्हापासून प्रत्येक वेळी पारडं फिरतंय.

मॅकम काउंटीचं एवढं कौतुक का?

कारण एका पक्षाची मतपेढी दुसऱ्याकडे कशी जाते याचा वस्तुपाठ तिथे आहे. डेट्रॉइटच्या उत्तरेला, मोटार कामगारांची घरं, इटालियन आणि पोलिश कॅथलिक कुटुंबं. १९६० ला डेमोक्रॅट केनेडींना इथे त्रेसष्ट टक्के मतं. १९८४ ला रिपब्लिकन रेगन यांना सहासष्ट. माणसं तीच, कारखाने तेच. मधल्या काळात काय झालं? डेट्रॉइटची १९६७ ची दंगल, आणि शाळांतली वर्णभेदाची दरी बुजवण्यासाठी मुलांना बसने दुसऱ्या भागातल्या शाळांत नेण्याचा न्यायालयीन आदेश. १९७२ च्या डेमोक्रॅटिक प्राथमिक निवडणुकीत मिशिगनने चक्क दक्षिणेतले विभक्ततावादी जॉर्ज वॉलेस यांना कौल दिला होता, त्यांच्यावर गोळीबार झाल्याच्या दुसऱ्या दिवशी. "रेगन डेमोक्रॅट" हा शब्द पुढे देशभर गेला, त्याचं माहेर हेच.

ओबामांनी मॅकम दोन्ही वेळा जिंकली. ट्रम्प यांनी तिन्ही वेळा. तेव्हा "तिथे वंशद्वेष आहे" एवढ्यावर विषय संपवणारे विश्लेषक मला घाईचे वाटतात. आयात, बंद पडलेले कारखाने आणि "आमचं कोणी ऐकत नाही" ही भावना, याचंही वजन त्या मतांत आहे.

कामगार संघटना अजून डेमोक्रॅटांच्या मागे आहेत का?

संघटना आहेत. सभासदांचं तसं नाही. २०१२ च्या डिसेंबरात रिपब्लिकन गव्हर्नर रिक स्नायडर यांनी संघटनेची वर्गणी ऐच्छिक करणाऱ्या कायद्यावर सही केली. संघटनांचं जन्मगाव म्हणवणाऱ्या राज्यात हे होईल असं कोणी मानलं नव्हतं. २०२३ ला डेमोक्रॅटांनी सत्ता येताच तो रद्द केला. हा त्यांचा सगळ्यात आवडता विजय, पण पुढच्याच वर्षी कारखान्यांच्या गावांनी त्यांना त्याचं फळ दिलं नाही.

२०२४ ला डिअरबॉर्नमध्ये नेमकं काय झालं?

वेन काउंटीतलं हे फोर्ड मोटार कंपनीचं गाव. आज तिथे अरब वंशाचे लोक बहुसंख्य आहेत. गाझाच्या युद्धावरून बायडन यांच्यावर राग होता. फेब्रुवारी २०२४ च्या डेमोक्रॅटिक प्राथमिक निवडणुकीत राज्यभरात एक लाखाहून अधिक लोकांनी "कोणालाही बांधील नाही" हा पर्याय भरला. नोव्हेंबरात डिअरबॉर्नमध्ये ट्रम्प पहिले, हॅरिस दुसऱ्या, आणि ग्रीन पक्षाच्या जिल स्टाइन यांना सुमारे अठरा टक्के. चार वर्षांपूर्वी तिथे बायडन सहज जिंकले होते. राज्याचा निकाल एकट्या डिअरबॉर्नने फिरवला नाही, फरक त्याहून मोठा होता. पण "ही मतं जातात कुठे" असं कोणत्याही समाजाबद्दल गृहीत धरण्याचं काय होतं ते दिसलं.

श्री ठाणेदार आपलेच ना? ते कोणत्या पक्षाचे?

डेमोक्रॅट. जन्म बेळगाव जिल्ह्यातल्या चिकोडीचा, घरची भाषा मराठी, १९७९ मध्ये शिक्षणासाठी अमेरिकेत, पुढे रसायनांच्या चाचण्यांचा उद्योग. त्यांची गोष्ट मराठी वाचकांना त्यांच्याच लेखणीतून ठाऊक आहे. २०१८ ला त्यांनी पदरचे एक कोटी डॉलरच्या वर खर्चून गव्हर्नरपदासाठी प्राथमिक निवडणूक लढवली आणि व्हिटमर व अब्दुल अल-सय्यद यांच्या मागे तिसरे आले. मग डेट्रॉइटमधून २०२० ला राज्याच्या सभागृहात आणि २०२२ ला काँग्रेसमध्ये, म्हणजे देशाच्या संसदेत, गेले. २०२४ ला पुन्हा निवडून आले.

हे यश सगळ्यांनाच गोड लागलं नाही, आणि ते का हे अभिमानाच्या भरात विसरू नये. कृष्णवर्णीय बहुसंख्य असलेल्या डेट्रॉइटमधून १९५५ पासून कोणीतरी कृष्णवर्णीय प्रतिनिधी वॉशिंग्टनला जात आला होता. २०२३ ला ती साखळी तुटली. प्राथमिक निवडणुकीत बरेच उमेदवार होते, मतविभागणी झाली आणि ठाणेदार एक तृतीयांशाहूनही कमी मतांवर पुढे आले. एवढ्या निळ्या मतदारसंघात ऑगस्टची लढत जिंकली की नोव्हेंबर हा उपचार असतो. आमच्या मराठी मंडळात त्या दिवशी पेढे वाटले. माझ्या कारखान्यातला डेट्रॉइटचा जुना सहकारी मात्र दुपारच्या जेवणाला गप्प बसून होता.

लॅन्सिंगमध्ये २०२३ ला काय एवढं घडलं?

गव्हर्नर आणि दोन्ही सभागृहं एकाच वेळी डेमोक्रॅटांकडे आली, ४० वर्षांत पहिल्यांदा. बहुमत किती? कनिष्ठ सभागृहात ११० पैकी ५६ आणि वरिष्ठ सभागृहात ३८ पैकी २०. अगदी काठावरचं.

मागच्या वेळेची गोष्टही ऐकण्यासारखी आहे. १९८३ ला गव्हर्नर जेम्स ब्लँचर्ड यांनी प्राप्तिकर वाढवला. चिडलेल्या मतदारांनी त्याच वर्षी दोन डेमोक्रॅटिक सिनेटरांना मुदतीआधीच परत बोलावलं. त्या जागा रिपब्लिकनांनी घेतल्या आणि वरिष्ठ सभागृह जे त्यांच्या हाती गेलं ते २०२३ उजाडेपर्यंत सुटलं नाही.

या वेळचं बहुमतही फार टिकलं नाही. २०२३ च्या शेवटी दोन डेमोक्रॅट आमदार आपापल्या गावचे महापौर झाले आणि सभागृह ५४–५४ वर येऊन अडकलं. पोटनिवडणुका होईपर्यंत काही महिने तसेच गेले. डिसेंबर २०२४ ला, सत्ता जायच्या आधीच्या शेवटच्या दिवसांत, रिपब्लिकन सभात्याग करून गेले, डेट्रॉइटच्या एक डेमोक्रॅट सदस्य आल्याच नाहीत, गणसंख्या भरेना आणि डेमोक्रॅटांची कितीतरी विधेयकं तशीच पडून राहिली. एका खुर्चीचं मोल काय असतं ते तेव्हा कळलं.

मतदारसंघांची आखणी कोण करतं? तिथे खोड्या होतात का?

व्हायच्या, आणि उघड. २०१० नंतरची आखणी रिपब्लिकन विधिमंडळाने केली. २०१२ ला काँग्रेससाठी डेमोक्रॅटांना राज्यभर जास्त मतं पडली, पण १४ पैकी नऊ जागा रिपब्लिकनांना. नोव्हेंबर २०१६ मध्ये केटी फाही या तरुणीने फेसबुकवर लिहिलं की हे थांबवायला कोणी सोबत येतंय का. राजकारणाचा अनुभव शून्य. स्वयंसेवकांनी थंडीपावसात चार लाखांहून अधिक सह्या जमवल्या आणि २०१८ ला ६१ टक्के मतांनी घटनादुरुस्ती झाली. आता १३ नागरिकांचा आयोग रेषा आखतो: चार डेमोक्रॅट, चार रिपब्लिकन, पाच कुठल्याच पक्षाचे नाहीत असे. अर्जदारांतून चिठ्ठ्या काढून निवडतात.

आयोगही चुकला. डिसेंबर २०२३ मध्ये संघराज्य न्यायालयाने डेट्रॉइट परिसरातले १३ मतदारसंघ वंशाच्या आधारावर आखल्याचं सांगून रद्द केले आणि ते पुन्हा आखावे लागले. तरीही माझ्या मते पूर्वीपेक्षा हे कितीतरी बरं. आता सभागृह खरोखर हातचं जाऊ शकतं, हे दोन वर्षांच्या अंतराने दोन्ही पक्षांनी अनुभवलंय.

छोटे पक्ष आहेत का? त्यांची डिपॉझिट जप्त होतात का?

आहेत: लिबर्टेरियन, ग्रीन, यूएस टॅक्सपेअर्स, वर्किंग क्लास, नॅचरल लॉ. आपल्यासारखी डिपॉझिटची पद्धत इथे नाही, नाहीतर राज्याची तिजोरी भरली असती. निवडून येत नाहीत, पण फरक कमी असला की त्यांच्याकडे बोट दाखवलं जातं. २०१६ ला स्टाइन यांना ५१ हजारांवर मतं होती आणि निकालाचा फरक दहा हजारांचा. ती मतं क्लिंटन यांनाच पडली असती हे मात्र गृहीत धरता येत नाही.

नॅचरल लॉ पक्षाची गंमत आपल्याला कळेल. महर्षी महेश योगींच्या भावातीत ध्यानाच्या अनुयायांनी १९९२ मध्ये हा पक्ष काढला. राष्ट्रीय पातळीवर तो केव्हाच विरला, पण मिशिगनमध्ये मतपत्रिकेवरची त्याची जागा शाबूत होती. २०२४ ला त्याने रॉबर्ट केनेडी ज्युनियर यांना उमेदवारी दिली. केनेडींनी मग ट्रम्प यांना पाठिंबा जाहीर केला आणि नाव काढा म्हणून कोर्टात गेले. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने नाही म्हटलं. नाव राहिलं आणि हजारोंनी त्यांना मतंही दिली.

काँग्रेसमधला पहिला लिबर्टेरियन सदस्यही मिशिगनचा. ग्रँड रॅपिड्सचे जस्टिन अमाश २०१९ च्या ४ जुलैला रिपब्लिकन पक्षातून बाहेर पडले आणि पुढच्या वर्षी तिकडे गेले. त्या पक्षाच्या तिकिटावर ते निवडून आले नव्हते, एवढं लक्षात ठेवा.

अपक्षाला संधी?

डेट्रॉइटचे तेव्हाचे महापौर माइक डगन यांनी डिसेंबर २०२४ मध्ये डेमोक्रॅट पक्ष सोडून २०२६ साठी गव्हर्नरपदाला अपक्ष उभं राहण्याचं जाहीर केलं. २०१३ ची महापौरपदाची प्राथमिक फेरी त्यांनी मतपत्रिकेवर छापील नाव नसताना, लोकांनी हाताने नाव लिहून जिंकली होती. म्हणून कोणी हसलं नाही.

पक्षांकडे पैसा कुठून येतो?

एका बाजूला संघटना आणि वकील, दुसऱ्या बाजूला पश्चिम मिशिगनचे उद्योजक. त्यांत डेव्हॉस घराणं सर्वांत पुढे, अॅमवेवाले. बेट्सी डेव्हॉस आधी राज्य रिपब्लिकन पक्षाच्या अध्यक्ष होत्या आणि मग ट्रम्प यांच्या शिक्षणमंत्री. पण पैसा आहे म्हणून संघटना मजबूत असेलच असं नाही. २०२३ ला राज्य रिपब्लिकन पक्षाने क्रिस्टिना करामो यांना अध्यक्ष केलं, देणगीदार पांगले, तिजोरी आटली, आणि वर्षभरात दोन गट आपणच खरा पक्ष म्हणून भांडू लागले. शेवटी पीट हुक्स्ट्रा यांच्या हाती सूत्रं गेली. अशा मोडक्या संघटनेसह पक्षाने २०२४ ला राज्य जिंकलं. मतदार पक्षकार्यालयाकडे बघून मत देत नाही, हे मी त्यावरून शिकलो.

न्यायाधीशही पक्षाचे असतात का?

उमेदवारी पक्षाची, पण मतपत्रिकेवर पक्षाचं नाव नाही. सात न्यायाधीश, आठ वर्षांची मुदत. २०२४ च्या निवडणुकीनंतर डेमोक्रॅटांनी उभे केलेले पाच, रिपब्लिकनांनी उभे केलेले दोन. मतपत्रिकेच्या दुसऱ्या बाजूला असतात, पान उलटायला विसरू नका.

मतं मोजल्यावर निकालावर शिक्का कोण मारतं?

प्रत्येक काउंटीत चार जणांचं मंडळ, दोन डेमोक्रॅट, दोन रिपब्लिकन. राज्यालाही तसंच चौघांचं. शंभर वर्षं या मंडळांची नावंही कोणाला माहीत नव्हती. नोव्हेंबर २०२० ला वेन काउंटीचं मंडळ आधी २–२ वर अडलं, मग त्याच रात्री लोकांचा संताप ऐकून निकाल मंजूर केला. सहा दिवसांनी राज्याच्या मंडळाची बैठक होती, ऑनलाइन. आम्ही घरी चहा घेऊन ती पाहत बसलो होतो, क्रिकेटचा शेवटचा षटक बघावा तशी. अॅरन व्हॅन लँगेव्हेल्ड या तरुण रिपब्लिकन वकिलाने सांगितलं की मंडळाचं काम कायद्याने ठरवून दिलेलं आहे, त्यात आपल्या मर्जीला जागा नाही. त्याने दोन्ही डेमोक्रॅटांसोबत मत दिलं. दुसरा रिपब्लिकन तटस्थ राहिला. तीन विरुद्ध शून्य. पुढच्या जानेवारीत मुदत संपली तेव्हा पक्षाने त्याचं नाव पुन्हा दिलं नाही. २०२२ ला मतदारांनी घटनेतच लिहून टाकलं की मतमोजणीचे आकडे मान्य करणं हे या मंडळांचं कर्तव्य आहे, पर्याय नाही.